लिलीचा आणि चंद्रीची

"कानामागं लाव. मानेवर पण. अजून घे," पप्पा म्हणाले.

मी व्हिक्सच्या डबीत दोन बोटं घातली आणि शिंगराच्या कानामागं चोळलं. ते थरथरलं. कालच जन्मलेलं, पाय इतके लांब की दुसऱ्या कुणाचे तरी उसने आणल्यासारखे, आणि अंगाला आता सर्दी झालेल्या आजोबांचा वास. तबेल्यातल्या त्या बॉक्सच्या दुसऱ्या कोपऱ्यात चंद्री उभी होती. पांढरी, बुटकी, पोट सुटलेली. तिच्या नाकपुड्यांनाही पप्पांनी तेच फासलं होतं.

"म्हणजे तिला याचा वास येणार नाही?"

"कुणाचाच येणार नाही. घोडी पोराला नाकानं ओळखते. नाक बंद केलं की आपलं आणि दुसऱ्याचं सारखंच."

"आणि तरी ओळखलं तर?"

"तू हात चालव."

पप्पांनी शिंगराला मागून ढकलत चंद्रीच्या कासेकडे नेलं. मी तिची मोरकी धरली होती आणि तोंडाला येईल ते बोलत होते, कारण माणूस बोलत राहिलं की घोडी शांत राहते असं मला वाटायचं. चंद्रीनं मान वळवली. एकदा हुंगलं. तिचे कान मागं पडलेले मी पाहिले, पण ते सांगायला तोंड उघडेपर्यंत पप्पांनी शिंगराला कवेत घेऊन स्वतःला भिंतीवर झोकून दिलं होतं. चंद्रीची लाथ त्याचं डोकं होतं त्या जागी, लाकडी फळीवर बसली. फळी उभी चिरली.

मग लांबून, पार पंपहाऊसच्या बाजूनं, एक बारीक खिंकाळी आली. चंद्रीनं असं ओरडून उत्तर दिलं की माझ्या हातातला दोर थरथरला.

"हिला आवाज ऐकू येता कामा नये म्हणून सांगितलं होतं मी," पप्पा म्हणाले. कुणाला, ते कळलं नाही. बॉक्समध्ये आम्ही दोघंच होतो.

थांबा, मी नेहमीसारखी मधूनच सुरू झाले. नीट सांगते.

मी तेव्हा सातवीत होते. आता दहावीत आहे. आमचा स्टड फार्म नीरेच्या काठाला आहे, म्हणजे मालक मुंबईचे सेठ आणि आम्ही तिथल्या क्वार्टर्समध्ये राहणारे. शर्यतीची घोडी पळायची थांबली की इथं येतात, त्यांना इथं शिंगरं होतात, आणि ती शिंगरं मोठी झाली की पुण्या-मुंबईच्या रेसकोर्सवर जातात. घोड्यांची बाळंतपणं पप्पांकडं असतात. भानुदास ढमाळ म्हटलं की तालुक्यातले घोडेवाले अजून उभे राहतात. मला तेव्हा पप्पांपेक्षा मोठं जगात कुणी वाटत नव्हतं.

आणि घोड्यांमध्ये लिली. कागदावर फायर लिली. तिची महालक्ष्मी रेसकोर्सवरची शर्यत पप्पांच्या मोबाईलमध्ये होती आणि ती मी इतक्यांदा पाहिली होती की कॉमेंटरी मला कवितेसारखी पाठ होती. शेवटच्या वळणापर्यंत ती घोळक्यात दिसतच नाही. मग कॉमेंटेटरचा आवाज बदलतो, आणि कडेच्या कुंपणाला लागून एक तांबडी रेघ निघते आणि सगळ्यांना मागं टाकते. पुढच्या वर्षी तिच्या पुढच्या पायाची शीर सुजली ती बरी झालीच नाही, आणि ती आमच्याकडं आली. पहिलं शिंगरू मेलेलंच जन्मलं. दुसऱ्या वर्षी ती गाभण राहिली नाही. तिसऱ्या वर्षी सेठनी परदेशातून आणलेल्या घोड्याचं हे शिंगरू झालं, आणि जन्म देता देता लिलीच्या आत काहीतरी फाटलं. सूर्य वर आला तेव्हा ती आडवी पडली होती आणि डॉक्टर दस्तूर मॅडम हातमोजे काढत होत्या. पप्पा तिच्या पोटाशी उकिडवे बसून तिचा चीक बाटलीत पिळून घेत होते. ती अजून श्वास घेत होती. पप्पांची बोटं थांबत नव्हती, आणि ते तिला "झालं गं, झालं बाई," म्हणत होते.

जेसीबी आला तोवर मला घरी पाठवून दिलं होतं. दुपारभर घारी फिरत होत्या.

आईविना शिंगराला दुसऱ्या घोडीखाली लावतात. तिला नुकतंच शिंगरू झालेलं असायला हवं, म्हणजे दूध असतं. त्या आठवड्यात आमच्याकडं दुसरी एकही घोडी व्यालेली नव्हती, म्हणून लोणंदच्या हौसामावशींची वरातीची घोडी आणली. चंद्री.

हौसामावशी टेम्पोच्या केबिनमधून उतरल्या त्या आधी पुरुषी चपला आणि मग मावशी. कपाळावर आडवं कुंकू, तोंडात मिश्री.

"हिच्या पाठीवर बसून निम्मा तालुका बोहल्यावर चढलाय," त्या मला म्हणाल्या. "त्यातलं लई जण आता बायकूला भ्यात्यात. ही कुणाला भ्याली न्हाई. बाप्याचा हात लावून घेत न्हाई पण. तुझं नाव काय गं?"

"गार्गी."

"तू धर हिला. बांगड्याचा हात हिला चालतो."

माझ्या हातात एकच प्लॅस्टिकची बांगडी होती, पण मी ताठ उभी राहून दोर धरला. त्या दिवसापर्यंत मला कुणी घोडी धरायला दिली नव्हती. मागून काजळी उतरली. तीन आठवड्यांची, काळीभोर, आणि इतकी आगाऊ की उतरल्या उतरल्या तिनं मॅनेजर मोहिते साहेबांच्या खिशातला रुमाल ओढला.

मोहिते साहेब हसले नाहीत. "मावशी, शिंगरू पण इथंच राहू द्या," ते म्हणाले. "आईशिवाय नेऊन काय करणार?"

"दूध तर त्या तुमच्या लेकराला पाजणार. माझीनं काय प्यायचं?"

"डब्याचं देऊ."

"आन् नंतर ही माझ्या हातात परत?"

मोहिते साहेब टेम्पोच्या टायरकडं बघत म्हणाले, "जनावर आहे, मावशी. जगलं-वाचलं तर तुमचंच आहे."

हौसामावशींनी मिश्रीची पिंक टाकली आणि काजळीच्या पाठीवरून हात फिरवला, शेपटीपर्यंत. मग टेम्पोत बसल्या.

मला तेव्हाच ते खटकलं होतं. काजळीच्या नुसत्या आवाजानं चंद्री बिथरते, तर तिला इथं ठेवून घ्यायचंच कशाला? लोणंदला पाठवून दिली की प्रश्न मिटला. मी पप्पांना विचारलं.

"लागेल," पप्पा म्हणाले.

"लागेल म्हणजे? कशाला?"

पप्पा बादली उचलून निघून गेले. मी समजले, त्यांना ऐकू गेलं नाही.

आणि आता फळी चिरली होती, चंद्री ओरडत होती, आणि लिलीचा (घोड्यांची निगा राखणारे सगळे सायस त्याला तेवढंच म्हणायचे, लिलीचा) पेंढ्यात पडून माझ्या कोपराला चोखत होता. चिकाच्या बाटल्या संपत आल्या होत्या.

संध्याकाळ होण्याआधी आम्ही आणखी काय काय करून पाहिलं. चंद्रीचंच दूध काढून त्याच्या अंगाला चोळलं. तिला पायाला दावं बांधून पाहिलं, तर तिनं खाली बसायचा प्रयत्न केला. डोळ्यांवर फडकं बांधलं, तर ती चावली. पप्पांच्या दंडावर दोन ओळींत दात उमटले होते. ते शर्टाची बाही खाली करून पुन्हा आत गेले.

मी ओट्सच्या खोलीत त्याच्यासाठी बाटली धुवायला गेले होते. पलीकडं पडवीत मोहिते साहेब, डॉक्टर मॅडम आणि पप्पा बोलत होते. मी मुद्दाम ऐकत नव्हते. पण नळ बंद केला.

"बादलीवर वाढवा," मॅडम म्हणत होत्या. "जगेल तो."

"जगेल, पण शर्यतीचा घोडा होणार नाही," मोहिते साहेब म्हणाले. "बादलीवरचं घोडं माणसाला आपल्यातलंच समजतं. दोन वर्षांनी जॉकीच्या खांद्यावर पाय टाकेल. ढमाळ, तुम्हीच सांगा."

"टाकेल," पप्पा म्हणाले.

"लिलीचं हे एकच आहे. सेठ परवा येतायत. मी त्यांना काय बादली दाखवू?"

मग पप्पांचाच आवाज आला, हळू, जसे ते गाभण घोडीजवळ बोलतात. "कातडं घातलं तर घेईल. मागं एकीनं घेतलं होतं. तिच्या शिंगराचं कातडं काढून दुसऱ्याच्या पाठीवर बांधलं, आणि तिनं तासाभरात पाजलं. पण तिचं आधीच मेलेलं होतं."

"हं," मोहिते साहेब म्हणाले.

"मी चहाला चाललेय," डॉक्टर मॅडम म्हणाल्या. "मी इथं नव्हते." त्यांच्या बुटांचा आवाज पायऱ्या उतरत गेला.

"उद्या दुपारपर्यंत बघू द्या साहेब," पप्पा म्हणाले.

"दुपारपर्यंत."

बाटली माझ्या हातातच होती. मी ती पुन्हा धुतली. मग तिसऱ्यांदा धुतली.

पप्पा घरी आले तेव्हा त्यांच्या हातात जाड्या मिठाची पिशवी होती. ती त्यांनी दाराआड ठेवली. मग मागच्या ओट्यावर बसून पाट्यावर पाणी घेतलं आणि सुरीला धार लावायला लागले. आई कणीक मळत होती. तिनं एकदा त्यांच्याकडं बघितलं आणि मळतच राहिली.

"पप्पा, काजळीला मारणार?"

सुरी पुढं गेली, मागं आली. "उद्या शाळेत जा तू."

"मारणार का?"

"गार्गी, लिलीचा मेला तर काय होईल कळतंय तुला? आपण या घरात कशामुळं राहतो?"

"मग काजळीनं काय केलंय?"

पप्पांनी सुरीची धार अंगठ्यावर बघितली. "तिनं काही केलेलं नाही," ते म्हणाले. "काही केलेलं नसतंच."

मला ते आजही सगळ्यात भीतीदायक वाटतं, की ते चिडले नव्हते.

सकाळी मी युनिफॉर्म घातला, वर स्वेटर घातला, दप्तर घेतलं, आणि फाटकाकडं न जाता पंपहाऊसकडं गेले. काजळीला मागच्या शेडमध्ये ठेवलं होतं. तिनं रात्रभर लाथा मारून पेंढा भिंतीपर्यंत उडवला होता. मला बघून ती जवळ आली आणि माझ्या पोटात तोंड खुपसलं. मी खाली बसले. ती माझा स्वेटर चोखायला लागली, मग त्यावर मान टाकून तशीच उभी राहिली. तिचं अंग घामानं ओलं होतं. मी काही योजना वगैरे करत नव्हते. मी तिला पळवून न्यायचा विचार करत होते, आणि कुठं न्यायचं ते सुचत नव्हतं. उसातून लोणंदपर्यंत जाता येईल का, वाटेत कालवा लागेल तो कसा ओलांडायचा, एवढंच डोक्यात चाललं होतं.

मग मला वाटलं, निदान तिच्या आईला एकदा बघून यावं. का वाटलं, सांगता येत नाही.

पप्पा बॉक्ससमोर उभे होते. मला ते काही बोलणार, तेवढ्यात चंद्रीनं दारावरून मान बाहेर काढली आणि माझा स्वेटर हुंगला. तिचं व्हिक्स सकाळी पुसलेलं होतं. तिनं हुंगलं, थांबली, पुन्हा हुंगलं. आणि घशातल्या घशात असा एक आवाज काढला जो मी तिच्याकडून अजून ऐकला नव्हता. घोडीचा तो आवाज फक्त पोरासाठी असतो. ती माझा स्वेटर चाटायला लागली. कासेतून दूध टपकायला लागलं.

मी स्वेटर काढला. "पप्पा, हा त्याला घालू."

"घोंगडी करून बघितलीय मी पूर्वी," पप्पा म्हणाले. पण त्यांचा आवाज पहिल्यासारखा नव्हता. "अर्धा तास टिकते. वास उडाला की ओळखते, आणि मग दुप्पट चिडते."

"मग अर्ध्या तासानं दुसरी घालायची."

"दुसरी कुठली?"

"काजळीच्या अंगावरची. एक तिच्यावर, एक त्याच्यावर. त्याची वाळली की तिकडची आणायची. मी आणते."

"पंपहाऊस केवढं लांब आहे."

"मी शाळेत रिलेला आहे, पप्पा. शेवटची धावते."

पप्पा माझ्याकडं बघत राहिले. मग दप्तर माझ्या पाठीवरून उतरवून घेतलं.

आम्ही काळ्या घोंगडीचे दोन तुकडे केले. एक काजळीच्या अंगावर बांधला, तो घामानं, पेंढ्यानं, मुतानं भरू दिला. तिथं दुसरा बांधून पहिला मी पळत आणला आणि लिलीच्याच्या पाठीवर टाकला, आणि पप्पांनी त्याला हळूच पुढं सारलं. चंद्रीनं मान वळवली. मी डोळे मिटले नाहीत, मला मिटायचे होते. तिनं घोंगडीत नाक खुपसलं. मग त्याच्या उघड्या पायांना हुंगलं आणि कान मागं नेले. मग पुन्हा घोंगडी. तिचे कान पुढं-मागं, पुढं-मागं होत होते, आणि लिलीचा कासेखाली धडका देत सड शोधत होता. त्याला सापडला. तो प्यायला लागला तेव्हा चंद्रीनं एक पाय उचलला, हवेत धरला, आणि खाली ठेवला.

मी दुसरा तुकडा आणायला पळाले.

दुपारी मोहिते साहेब आले. मिठाची पिशवी बॉक्सच्या बाहेर होती, सुरी त्यावर ठेवलेली. ते दारातून आत बघत उभे राहिले. लिलीचा पीत होता. "किती वेळ टिकेल?" त्यांनी विचारलं.

"मी पळेन तेवढा वेळ," मी म्हणाले.

मोहिते साहेबांशी मी आयुष्यात पहिल्यांदा बोलले होते. त्यांनी पप्पांकडं बघितलं. पप्पा म्हणाले, "तिचीच कल्पना आहे." आणि सुरी उचलून खिशात घातली.

सेठ आले त्या दिवशीही मी पळत होते. त्याच्यानंतरही, बरेच दिवस. दोन सायस पुण्याच्या लिलावाला गेले होते, त्यामुळं शाळेला दांडी मारल्याबद्दल कुणी काही बोललं नाही. हळूहळू घोंगडी लहान करत गेलो. आधी मानेवरची काढली, मग पाठीवरचीही, शेवटी एक पट्टा उरला. एकच गोष्ट मला आवडायची नाही. चंद्रीकडची वाळलेली घोंगडी मी परत न्यायचे तेव्हा काजळी ती हुंगायची. त्यावर आईची लाळ असायची, दुधाचे डाग असायचे. ती घोंगडीचा काठ तोंडात धरून चोखत बसायची, आणि मला घाई असायची. मी तिच्या दातांतून ती ओढून घ्यायचे, तिच्या पाठीवर बांधायचे आणि दुसरी काढून पळायचे. डब्याचं दूध ती बादलीतून प्यायची, पण तोंड वर करून दाराकडं बघत.

एके दिवशी लिलीचा उघड्या अंगानं चंद्रीखाली उभा राहिला आणि तिनं त्याची पाठ चाटली. पप्पांनी शेवटचा पट्टा माझ्या हातात दिला. "झालं," ते म्हणाले.

त्या आठवड्यात काजळी लोणंदला गेली, धडधाकट. हौसामावशींनी तिला शेळीच्या दुधावर ठेवली. मोहिते साहेबांनी मला फार्मची टोपी दिली. शाळेच्या स्नेहसंमेलनात मी हे सगळं स्टेजवर सांगितलं, माईक हातात घेऊन, आणि पोरं बाकावर उभी राहिली. त्याआधी मी वर्गात "उपस्थित" म्हणायलाही लाजायचे. तेव्हापासून मी गप्प बसलेली कुणी बघितलेली नाही.

लिलीच्याचं पुढचंही सांगून टाकते, म्हणजे उत्सुकता राहायला नको. त्याचं नाव रेड एम्बर. पुण्यात पहिल्याच शर्यतीत दुसरा आला, मग दोन जिंकला, आणि या हिवाळ्यात महालक्ष्मीला कडेच्या कुंपणाला लागून तशीच तांबडी रेघ निघाली. आमच्या क्वार्टर्समध्ये ताटं वाजवली सगळ्यांनी. शर्यतीच्या पुस्तकात त्याच्या नावाखाली बापाचं नाव होतं, आणि आई: फायर लिली.

पण मला सांगायचं आहे ते त्या वर्षीच्या ऑगस्टमधलं. तेव्हा लिलीच्याला चंद्रीपासून नुकताच तोडला होता. सहा-सात महिन्यांनी शिंगरांचं दूध तोडतातच. त्याला नदीकडच्या पॅडॉकमध्ये, कुंपणाच्या कुरणात, इतर शिंगरांत सोडला होता आणि चंद्रीला परत न्यायला हौसामावशी येणार होत्या.

मी शाळेतून आले तेव्हा टेम्पो आवारात होता. मावशींनी काजळीलाही आणली होती. तिच्या गळ्यात घुंगरांचा पट्टा होता, अंगानं बारीक, पण उंच झाली होती.

"म्हनलं आई दिसंल, तर बरं वाटंल पोरीला," मावशी म्हणाल्या. "वरातीचं शिकवाया लागलेय मी हिला. आईबरूबर चालली तर लवकर शिकंल."

मी तिच्या गळ्यात हात टाकला. मला इतका आनंद झाला होता की मी पप्पांच्या तोंडाकडं बघितलंच नाही.

"मावशी, लांब उभी करा तिला," पप्पा म्हणाले.

"आवो, आई हाय तिची."

सायसनं चंद्रीला बाहेर आणलं. काजळीनं कान टवकारले. घुंगरं वाजवत ती सरळ तिच्याकडं गेली, मावशींच्या हातातला दोर ओढत, आणि तोंड खाली घालून थेट कासेकडं.

चंद्रीनं तिला हुंगलं. एकदाच. कान मागं पडले. या वेळी मला ते सांगायला वेळ होता, पण मी कुणाला काय सांगणार होते? लाथ काजळीच्या बरगडीवर बसली. ती बाजूला कोलमडली, उठली, आणि पुन्हा गेली. चंद्रीनं दात विचकून तिची मान दातांत धरली. मावशींनी दोर दोन्ही हातांनी ओढला. घुंगरं तुटून फरशीवर पसरली.

"ओढ तिला," पप्पा सायसला म्हणाले. "चंद्रीला मागं घे. मागं घे."

काजळीच्या मानेवर केस उपटल्याची जागा होती, त्यातून रक्ताचे थेंब येत होते. मावशी तिच्यासमोर उभ्या होत्या आणि चंद्रीकडं बघत होत्या.

"काय केलासा हिला?" त्यांनी विचारलं.

पप्पा फरशीवरची घुंगरं गोळा करायला लागले. त्यांनी माझ्याकडंही बघितलं नाही. मी म्हणाले, "मावशी, लिलीच्याला काजळीच्या वासाची घोंगडी घालत होतो. म्हणजे चंद्रीला वाटावं, ही आपलीच आहे. हळूहळू काढून टाकली." हे मी स्टेजवर सांगितलं होतं, याच शब्दांत. "नाहीतर काजळीला मारणार होते."

"आसं," मावशी म्हणाल्या. काजळीच्या मानेवरचं रक्त त्यांनी पदरानं टिपलं. "मंग आता हिला कुठला वास ऱ्हायला?"

तेवढ्यात नदीकडच्या पॅडॉकमधून खिंकाळी आली. लिलीचा. त्याला बहुतेक चंद्रीचा आवाज ऐकू आला होता. चंद्रीनं मान वर केली, सगळं अंग त्या बाजूला वळवलं आणि उत्तर दिलं, आणि तिच्या कासेतून दुधाच्या धारा सुटल्या. दोन्ही सडांतून, मागच्या पायांवरून वाहत, फरशीवर. सायसनं तिला टेम्पोकडं ओढत नेली. दूध तिच्या मागं वाटेवर पडत गेलं.

"दोघींना एका टेम्पोत नाही नेता येणार," पप्पा म्हणाले.

"दिसतंय की मला," मावशी म्हणाल्या.

काजळी पुढं झाली. आम्हाला वाटलं ती पुन्हा आईकडं जातेय, आणि पप्पांनी हात आडवा केला. पण ती मध्येच थांबली. तिनं मान खाली घातली आणि फरशीवर सांडलेलं दूध चाटायला लागली. एका फरशीवरचं संपलं की दुसरी. मावशींच्या हातात दोर होता, पण त्यांनी तो ओढला नाही. ती चाटून होईपर्यंत आम्ही तिघं तसेच उभे राहिलो.